हप्ता नको, वर्षं मोजा

‘घर पाहावं बांधून आणि लग्न पाहावं करून,’ असं आपल्याकडे उगीच म्हणत नाहीत. पूर्वी घर बांधायचं म्हणजे विटा, वाळू, गवंडी आणि सुतार यांच्या मागे धावता धावता जीव मेटाकुटीला यायचा. आता बहुतेक घरं बांधून तयार मिळतात. पण म्हण खोटी ठरलेली नाही, फक्त तिच्यातला एक शब्द बदलायला हवा. आजच्या काळात घर पाहावं ते ‘फेडून’!

चिंचणीचंच बघा. एकत्र कुटुंबाची कौलारू घरं भावाभावांत वाटली गेली, एकेकाच्या वाट्याला दीड-दोन खोल्या आल्या. मुलं तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला लागली, कुणी दागिन्यांच्या डाय बनवण्याच्या कामात स्थिरावली. १६ एप्रिल २०१३ रोजी लोकल गाडी विरारहून पुढे डहाणू रोडपर्यंत धावू लागली आणि मुंबईच्या बाजूला रोज ये-जा करणंही अनेकांना शक्य झालं. साहजिकच स्वतःच्या फ्लॅटची स्वप्नं पडू लागली. कुणी गावातच इमारतीत घर बघतं, कुणी बोईसरला, कुणी वाणगाव स्टेशनच्या बाजूला. स्वप्न चांगलंच आहे. पण ते पुरं करायचं तर गृहकर्ज आलं, आणि गृहकर्ज आलं की बँकेतला तो नेहमीचा संवाद आला.

‘‘साहेब, हप्ता किती बसेल?’’

‘‘सतरा हजार तीनशे छपन्न.’’

नवरा-बायको एकमेकांकडे बघतात. मनातल्या मनात पगार, किराणा, मुलांची फी, सासूबाईंची औषधं असा सगळा हिशोब होतो. ‘‘निघेल हो, थोडी ओढाताण होईल, पण निघेल,’’ असं म्हणून फुल्या मारलेल्या जागी सह्या होतात. हप्ता कळला म्हणजे कर्ज कळलं, असं आपण धरून चालतो. पण किती वर्षं भरायचा आणि सगळा मिळून किती भरायचा, हे दोन प्रश्न त्या टेबलावर निघतच नाहीत. खरी किंमत तर त्याच दोन प्रश्नांच्या पोटात दडलेली असते.

वीस लाखांचं घर कितीला पडतं?

चला, एक गणित मांडू. समजा, २० लाख रुपयांचं कर्ज घेतलं, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो १७,३५६ रुपये. असे हप्ते किती? वर्षाला १२ याप्रमाणे २४०. आता दोन्हींचा गुणाकार करा. उत्तर येतं सुमारे ४१ लाख ६५ हजार रुपये. म्हणजे घेतले २० लाख आणि परत केले त्याच्या दुपटीहून जास्त. नुसतं व्याजच २१ लाख ६५ हजार!

‘अहो, साडेआठ टक्केच तर व्याज होतं, मग दुप्पट कसं झालं?’ असा प्रश्न तुम्हाला पडला असेल. उत्तर हप्त्याच्या आत आहे. दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर व्याज लागतं. बँक हप्त्यातून आधी ते व्याज कापून घेते आणि जे उरेल ते मुद्दलात जमा करते. पहिल्या महिन्यात २० लाखांचं व्याज होतं १४,१६७ रुपये. तुम्ही भरलेल्या १७,३५६ मधून ते गेले की मुद्दलात जमा होतात अवघे ३,१८९ रुपये. पुढच्या महिन्यात मुद्दल तेवढ्याने कमी, म्हणून व्याज जरासं कमी आणि मुद्दलाचा वाटा जरासा जास्त. असं मुंगीच्या पावलांनी चालतं.

ही मुंगी किती हळू चालते ते पाहा. पाच वर्षांत तुम्ही १० लाख ४१ हजार रुपये भरता, त्यातून मुद्दल फिटतं फक्त २ लाख ३७ हजार. दहा वर्षांनी भरलेली रक्कम २० लाख ८२ हजारांवर जाते, म्हणजे घेतलेल्या कर्जाहूनही जास्त, आणि तरी डोक्यावर बाकी असतात जवळपास १४ लाख! निम्मं मुद्दल फिटायला तेरा वर्षं दहा महिने लागतात. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा व्हायलाच मुळी बारावं वर्ष सरत येतं.

यात बँक काही लबाडी करते असं नाही. घटत्या शिलकीवरच्या व्याजाचं हे सरळ गणित आहे. पण ते आधी माहीत नसलं की सातव्या-आठव्या वर्षी घर विकायची किंवा कर्ज लवकर फेडायची वेळ आल्यावर धक्का बसतो. ‘इतकी वर्षं भरतोय, तरी एवढं बाकी कसं?’ असं म्हणून घरात एकमेकांवर संशय घेण्यापर्यंत गोष्टी जातात.

मुदत वाढवली की काय होतं?

हप्ता जड वाटला तर बहुतेक ठिकाणी एक सोपा उपाय सुचवला जातो. ‘‘मुदत तीस वर्षं करू या, हप्ता खाली येईल.’’ येतो खरा. तेच २० लाख, तेच साडेआठ टक्के, पण ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता १५,३७८ रुपये होतो. महिन्याला १,९७८ रुपये वाचले म्हणून आपण खूश. पण एकूण परतफेड जाते ५५ लाख ३६ हजारांवर. म्हणजे महिन्याचे दोन हजार वाचवण्यासाठी शेवटी जवळजवळ १३ लाख ७० हजार रुपये जास्त मोजायचे.

आता उलट बाजू बघा. मुदत १५ वर्षं केली तर हप्ता १९,६९५ रुपये. वीस वर्षांच्या हप्त्यापेक्षा २,३३९ रुपये जास्त. पण एकूण भरावे लागतात ३५ लाख ४५ हजार. सुमारे ६ लाख २० हजार रुपये वाचतात, आणि पाच वर्षं आधी घर मोकळं होतं.

म्हणून हप्त्यापेक्षा वर्षांचा आकडा महत्त्वाचा. आणि ही वर्षं वयाशी जोडून बघायला हवीत. पस्तिसाव्या वर्षी तीस वर्षांचं कर्ज घेतलं तर शेवटचा हप्ता पासष्टाव्या वर्षी. कारखान्यातली नोकरी अठ्ठावन्न-साठाव्या वर्षी संपते. मग पुढचे हप्ते कशातून भरणार? प्रॉव्हिडंट फंडातून? की मुलाच्या पगारातून? आपण आपल्या म्हातारपणावर किंवा मुलांच्या संसाराच्या सुरुवातीवर हप्ता टाकतोय का, हा प्रश्न सही करण्याआधीच विचारायला हवा.

या मातीला माहीत असलेली गोष्ट

खरं तर कर्जाची किंमत वर्षांत मोजायची असते, हे आपल्या डहाणू-तलासरी भागाला नव्याने सांगायला नको. याच पट्ट्यात एके काळी ‘लग्नगडी’ ही पद्धत होती. वारली तरुण लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे घ्यायचा आणि त्याच्या बदल्यात तो आणि त्याची नवी नवरी सावकाराच्या शेतावर राबायला लागायची. कर्जाची रक्कम छोटी, पण फेड वर्षानुवर्षं संपत नसे. कारण किती फिटलं आणि किती उरलं, याचा हिशोब सावकाराच्या वहीत असायचा आणि राबणाऱ्याला ती वही वाचता येत नव्हती. १९४५ मध्ये गोदावरी परुळेकर आणि शामराव परुळेकर यांच्या नेतृत्वाखाली किसान सभेने या वेठबिगारीविरुद्ध वारल्यांचा लढा उभा केला. गोदावरीबाईंच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात तो सगळा काळ आला आहे.

आजच्या बँकेची तुलना त्या सावकाराशी कुणी करू नये. बँकेवर कायद्याचा अंकुश आहे आणि कर्ज घेणारी माणसं स्वखुशीने घेतात. पण त्या काळाने शिकवलेली एक गोष्ट आजही तितकीच खरी आहे. फेडणाऱ्याला स्वतःचा हिशोब वाचता यायला हवा. आज वही आपल्याला मागता येते, वाचता येते. मागत नाही, ही आपली सवय आहे.

न सांगता लांबलेली वर्षं

वही न वाचण्याची किंमत २०२२-२३ मध्ये देशभरातल्या कर्जदारांनी मोजली. कोरोनाच्या काळात व्याजदर खूप खाली आले होते. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तो दर, २०२० मध्ये ४ टक्क्यांवर आला होता. त्या काळात सात टक्क्यांच्या आसपास गृहकर्जं मिळत होती आणि अनेकांनी ती घेतली. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो दर ४ वरून साडेसहा टक्क्यांवर गेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या म्हणजे फ्लोटिंग दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडलेली आहेत. त्यामुळे ही अडीच टक्क्यांची वाढ थेट कर्जदारांच्या अंगावर आली.

पण गंमत अशी की पुष्कळांचा हप्ता वाढलाच नाही. आपलं बरं आहे, असं त्यांना वाटलं. प्रत्यक्षात बँकेने हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली होती. वीस वर्षांचं कर्ज पंचवीस-तीस वर्षांवर गेलं होतं, काहींचं निवृत्तीच्या वयापलीकडे. पुन्हा आपलंच उदाहरण घेऊ. सात टक्क्यांनी २० लाखांचा २० वर्षांचा हप्ता होता १५,५०६ रुपये. दर साडेनऊ झाला की २० लाखांचं एका महिन्याचं व्याजच होतं १५,८३३ रुपये. म्हणजे ज्यांचं कर्ज नवं होतं, त्यांचा हप्ता जेमतेम व्याजालाच पुरणार किंवा तेवढाही पुरणार नाही. मुद्दल जागच्या जागी. तुम्ही वर्षभर पोटाला चिमटा काढून हप्ते भरायचे आणि कर्ज एका रुपयानेही हलायचं नाही!

अखेर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने यासाठी नियम काढला. व्याजदर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. मुदत वाढवताना व्याज थकून कर्ज फुगत जाईल असं होता कामा नये. आणि दर तीन महिन्यांनी कर्जदाराला विवरण मिळालं पाहिजे. आजवर मुद्दल किती फिटलं, व्याज किती भरलं, हप्ता किती, हप्ते किती उरले आणि वार्षिक दर किती, हे सगळं त्यात हवं.

दर खाली येतात तेव्हाही हाच नियम कामाला येतो. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो दर चार टप्प्यांत साडेसहावरून सव्वापाच टक्क्यांवर आला. दर कमी झाल्यावर हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. जमत असेल तर तो टाळा. हप्ता तोच ठेवा आणि मुदत कमी करून मागा. दर चढताना लांबलेली वर्षं उतरताना परत मिळवायची हीच संधी असते. आणि कर्ज २०१९ च्या आधीचं असेल तर ते अजून जुन्याच पद्धतीच्या दराला बांधलेलं नाही ना, हेही बँकेत जाऊन विचारा.

‘कर्जातच घालू या’

कर्जाची किंमत वाढवणाऱ्या आणखी काही गोष्टी असतात, त्या छोट्या वाटतात म्हणून नजरेतून सुटतात.

पहिली म्हणजे घराबरोबर येणारी हौस. ‘‘फर्निचर आणि किचनचे दोन लाख कर्जातच घालू, हप्ता फक्त सतराशेने वाढेल.’’ पण साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत या दोन लाखांचे ४ लाख १६ हजार होतात. किचनच्या ट्रॉल्या दहा वर्षांत गंजून जातील, त्यांचे हप्ते मात्र आणखी दहा वर्षं चालू राहतील. खाऱ्या वाऱ्याच्या गावात राहणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको.

दुसरी गोष्ट विम्याची. कर्ज घेणाऱ्याचं बरंवाईट झालं तर कुटुंबावर बोजा पडू नये म्हणून विमा हवाच. यात दुमत नाही. पण बऱ्याचदा विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जातो. ६० हजारांचा विमा असा घेतला तर वीस वर्षांत त्याचे सव्वा लाख जातात. तेवढ्याच रकमेचा साधा मुदत विमा वेगळा घेतला तर किती पडतो, हे आधी विचारा आणि मग ठरवा. अमुक कंपनीचाच विमा घ्या, अशी सक्ती कुणी करत असेल तर ती लेखी मागा. सक्ती बहुधा तिथेच विरघळते.

तिसरी गोष्ट ‘फ्लॅट’ व्याजदराची. काही पतसंस्था आणि खासगी कर्ज देणारे ‘फक्त आठ टक्के’ म्हणून सांगतात, पण व्याज शेवटपर्यंत मूळ रकमेवर लावतात. १० लाख दहा वर्षांसाठी आठ टक्के फ्लॅट दराने घेतले तर व्याज ८ लाख आणि हप्ता १५ हजार. हाच हप्ता घटत्या शिलकीच्या हिशोबाने तेरा टक्क्यांहून जास्त दराचा असतो. म्हणून ‘व्याज किती टक्के?’ एवढंच विचारून थांबू नका. ‘ते घटत्या शिलकीवर का?’ हेही विचारा.

शिवाय प्रोसेसिंग फी, मुद्रांक शुल्क, नोंदणी, वकिलाची फी, सोसायटीची देणी हे सगळं घराच्या किमतीच्या वर असतं. एक दिलासाही आहे. महाराष्ट्रात १ एप्रिल २०२१ पासून राहत्या घराची खरेदी फक्त बाईच्या नावावर केली तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत मिळते. २५ लाखांच्या घरावर हे २५ हजार रुपये होतात.

आणि हल्ली आपल्या भागात आणखी एका मोहापासून जपायला हवं. ३० ऑगस्ट २०२४ रोजी वाढवण बंदराची पायाभरणी झाली. बंदराबद्दल मतं काहीही असोत, ‘आता जागांचे भाव चढणार’ या भरवशावर कर्ज काढून दुसरा फ्लॅट घेण्याचा विचार कुणी करत असेल तर एवढं लक्षात ठेवावं की भाव चढेल की नाही हे पुढे कळेल, हप्ता मात्र पुढच्याच महिन्यापासून सुरू होतो.

सही तुमचीही आहे

मैत्रिणींनो, हा विषय पुरवणीच्या या पानावर मुद्दाम मांडण्याचं कारण वेगळंच आहे. गृहकर्जात बहुतेक वेळा बायकोची सही ‘सहकर्जदार’ म्हणून घेतली जाते. तिचा पगार जोडला की कर्ज जास्त मिळतं, म्हणून. ‘इथे सही कर,’ म्हटलं की आपण करतो. पण सहकर्जदार म्हणजे साक्षीदार नव्हे. नवऱ्याने हप्ते थकवले, नोकरी गेली, तो आजारी पडला, किंवा दुर्दैवाने तो राहिलाच नाही, तर बँक संपूर्ण बाकी तुमच्याकडे मागू शकते, निम्मी नव्हे. त्यामुळे कर्जात नाव असेल तर घराच्या करारातही नाव आहे ना, हे बघून घ्या. कर्जात नाव आणि घरात नाही, असं अनेक घरांत आढळतं. असा व्यवहार प्रेमाचा असेल, शहाणपणाचा नाही.

मग कर्ज घ्यायचंच नाही का?

असं मुळीच नाही. रोख पैसे साठवून घर घ्यायचं म्हटलं तर अर्धं आयुष्य भाड्याच्या घरात जाईल आणि घरभाडं काही परत मिळत नाही. शिवाय महागाईचाही एक हिशोब आहे. आज जड वाटणारा १७ हजारांचा हप्ता पंधरा वर्षांनी, पगार वाढल्यावर, तितका जड राहत नाही. जुन्या करप्रणालीत गृहकर्जाच्या व्याजावर करसवलतही मिळते. मात्र नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर ती मिळत नाही. तेव्हा ‘कर वाचतो’ एवढ्यासाठी कर्ज लांबवण्यात अर्थ नाही. कर्ज घ्यावं, पण पूर्ण किंमत माहीत असताना घ्यावं आणि ती कमी करण्याच्या वाटाही माहीत असाव्यात.

त्या वाटा तशा अवघड नाहीत. वर्षाला एक हप्ता जास्त भरा. दिवाळीचा बोनस, भिशीची उचल, बचत गटातला वाटा, मिरचीच्या किंवा चिकूच्या हंगामात आलेले चार पैसे, काहीही चालेल. आपल्या २० लाखांच्या उदाहरणात दरवर्षी फक्त एक जादा हप्ता भरला तर वीस वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत फिटतं आणि सुमारे ४ लाख १० हजार रुपये वाचतात. दर महिन्याला दोन हजार जास्त भरणं जमलं तर ते १५ वर्षं ७ महिन्यांत संपतं आणि साडेपाच लाखांच्या वर वाचतात. थेंबे थेंबे तळे साचे म्हणतात, तसंच थेंबे थेंबे ते आटवताही येतं.

हे जादा पैसे जितक्या लवकर भराल तितका फायदा जास्त. पहिल्या पाच वर्षांत भरलेले ५० हजार अठराव्या वर्षी भरलेल्या ५० हजारांपेक्षा कितीतरी जास्त काम करतात, कारण त्यांच्यावरचं पुढच्या सगळ्या वर्षांचं व्याज वाचतं. भरताना मात्र ‘ही रक्कम मुद्दलात जमा करा आणि मुदत कमी करा’ असा अर्ज लेखी द्या आणि त्याची पोच घ्या. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लावायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. १ जानेवारी २०२६ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांना रिझर्व्ह बँकेचा हा नियम सहकारी बँका आणि गृहवित्त कंपन्यांसाठीही लागू आहे.

एक सावधगिरी सांगायला हवी. घरातली सगळी शिल्लक कर्जात ओतू नका. पाच-सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते निघतील एवढी रक्कम हाताशी असू द्या. कारखाना बंद पडला, डायचं काम थांबलं किंवा दवाखाना मागे लागला, तर बँक जादा भरलेले पैसे परत देत नाही. उत्पन्न कधी जास्त, कधी कमी असं असेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जाची चौकशी करा. त्यात हंगामाचे पैसे ठेवता येतात, तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि अडचणीला काढताही येतात. दर मात्र थोडा जास्त असू शकतो.

कोणते कागद मागायचे?

पहिला कागद सहीच्या आधीचा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नवं कर्ज देताना बँकेला कर्जदाराच्या हाती ठळक माहितीचा एक तक्ता द्यावा लागतो. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो, तो आकडा आणि प्रत्येक हप्त्यात मुद्दल किती, व्याज किती, याचं वेळापत्रक असतं. हा तक्ता कर्जदाराला समजेल अशा भाषेत हवा, असं नियमच सांगतो. म्हणजे मराठीत मागायचा तुम्हाला हक्क आहे. तो घरी आणा, मुलीला किंवा मुलाला शेजारी बसवा आणि शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. पतसंस्था मात्र रिझर्व्ह बँकेच्या नव्हे, सहकार खात्याच्या अखत्यारीत येतात, म्हणून तिथे हेच सगळं स्वतःहून लेखी मागून घ्यावं लागेल.

दुसरा कागद कर्ज चालू असतानाचा, म्हणजे दर तिमाहीचं विवरण. त्यातली एकच ओळ आधी बघा, ‘उरलेले हप्ते किती?’ मागच्या वेळेपेक्षा ते तीनने कमी झाले असतील तर ठीक. तेवढेच असतील किंवा वाढले असतील तर त्याच आठवड्यात बँकेत जा.

तिसरा कागद कर्ज संपल्यावरचा. पूर्ण फेड झाल्यावर घराची मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. १ डिसेंबर २०२३ पासून हा नियम आहे आणि बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाईची तरतूद आहे. ‘कागद बँकेतच सुरक्षित आहेत’ असं म्हणून तिथेच ठेवू नका. घरात आणा, तपासा आणि कर्ज फिटल्याचं पत्रही त्याच फायलीत लावा.

दूधवाल्याचे खाडे आपण कॅलेंडरवर मांडतो. मासळीवालीशी दहा रुपयांसाठी घासाघीस करतो. भिशीचा हिशोब तर एका पैशाने चुकू देत नाही. हिशोबाची एवढी पक्की सवय असलेल्या बाईला घरातल्या सगळ्यात मोठ्या कर्जाचा हिशोब झेपणार नाही, असं म्हणण्याची कुणाची हिंमत आहे? कर्जाची फाईल कपाटाच्या वरच्या खणात असेल, तर या रविवारी ती खाली काढा आणि एका कागदावर तीन आकडे लिहा. आजवर भरले किती, बाकी किती आणि हप्ते उरले किती. तो कागद किराण्याच्या यादीशेजारी चिकटवा आणि दर तीन महिन्यांनी त्यातला शेवटचा आकडा बदला. तो आकडा खाली येत असेल तोवर घर तुमच्याकडे चालत येतंय, असं समजा.